रुहनाम्याचे अनुवादक

बंद देशावर माहितीपट काढू पाहणाऱ्याची पहिली अडचण असते ती दाराची. सरकार आत येऊ देत नाही. येऊ दिले तर सोबत स्वतःचा माणूस देते आणि दाखवायचे तेवढेच दाखवते. चोरून पाहावे, तर पाहणारा विमानात बसून परत जातो आणि दाखवणारा मागे राहतो. उत्तर कोरियावरचे माहितीपट या अडचणीतून कसे वाट काढतात ते पाहण्यासारखे आहे. ब्रिटिश दिग्दर्शक डॅनियल गॉर्डन यांनी ‘अ स्टेट ऑफ माइंड’ (२००४) साठी रीतसर परवानगी घेतली आणि सामूहिक कवायतीच्या सोहळ्याची तयारी करणाऱ्या दोन मुलींच्या घरापर्यंत ते पोहोचले. रशियाचे विताली मान्स्की यांनी ‘अंडर द सन’ (२०१५) मध्ये सरकारने लिहून दिलेली पटकथा मुकाट्याने स्वीकारली आणि दृश्य सुरू होण्याआधी व संपल्यानंतरही कॅमेरा चालूच ठेवला. पत्रकार असलेल्या बापाला कापडकारखान्यातला अभियंता कसे केले गेले, हे म्हणून तर आपल्याला कळते.

फिनलंडचे आर्तो हालोनेन यांनी तिसरी वाट धरली. त्यांचा विषय तुर्कमेनिस्तान आणि चित्रपटाचे नाव ‘शॅडो ऑफ द होली बुक’ (२००७), म्हणजे पवित्र ग्रंथाची सावली. हालोनेन हे हेलसिंकीच्या ‘डॉकपॉइंट’ या माहितीपट महोत्सवाच्या संस्थापकांपैकी एक. त्यांनी दाराशी ताटकळत बसण्याऐवजी हे दार बाहेरून कोण धरून ठेवते, असा प्रश्न विचारला. हा प्रश्न आम्हाला महत्त्वाचा वाटतो आणि त्याचे उत्तर एका पुस्तकाच्या भाषांतरात सापडते हे त्याहून महत्त्वाचे वाटते. वाङ्मयाच्या वार्षिकात एका माहितीपटावर एवढी पाने खर्च करण्याचे कारण तेच आहे.

आधी पुस्तकाविषयी. सपरमुरात नियाझोव हे १९८५ पासून तुर्कमेनिस्तानच्या कम्युनिस्ट पक्षाचे प्रमुख होते. सोव्हिएत संघ फुटल्यावर तेच स्वतंत्र देशाचे अध्यक्ष झाले. त्यांनी ‘तुर्कमेनबाशी’, म्हणजे तुर्कमेनांचा प्रमुख, हा किताब घेतला आणि १९९९ मध्ये ते तहहयात अध्यक्ष ठरले. ‘रुहनामा’चा पहिला खंड २००१ मध्ये निघाला, दुसरा २००४ मध्ये. शब्दाचा अर्थ आपल्या वाचकांना सांगायला नको. ‘रुह’ आपल्या घरात रोजच्या बोलण्यातला शब्द आहे आणि ‘नामा’ ऐकला की शाहनामा, बाबरनामा, अकबरनामा आठवतात. पुस्तकात थोडे आत्मचरित्र आहे, थोडा इतिहास, थोडा उपदेश, आणि तुर्कमेनांची वंशावळ थेट हजरत नूह यांच्यापर्यंत नेऊन भिडवलेली आहे.

नियाझोव यांचे बालपण दुःखाचे होते. वडील दुसऱ्या महायुद्धात गेले. १९४८ च्या ऑक्टोबरमध्ये अश्गाबातला झालेल्या भीषण भूकंपात आई आणि भाऊ गेले. आठ वर्षांचे पोर पोरके झाले. या दुःखाची टिंगल करण्याचे कारण नाही. एका पोरक्या मुलाने आईवर पुस्तक लिहिले असते तर ते आपण डोळे पुसत वाचले असते. इथे मात्र त्या मुलाच्या हातात पोलीस, तुरुंग आणि वायूचे साठे होते. २००२ मध्ये त्यांनी महिन्यांची नावे बदलली. जानेवारीला स्वतःचा किताब दिला, एप्रिलला आईचे नाव दिले, मे महिन्याला अठराव्या शतकातला थोर सूफी कवी मख्तुमकुली याचे आणि सप्टेंबरला ‘रुहनामा’चे. म्हणजे तुर्कमेन भाषेचा सर्वांत मोठा कवी आणि अध्यक्षांचे पुस्तक एकाच दिनदर्शिकेत बसले. शनिवारला ‘रुहगुन’, म्हणजे आत्म्याचा दिवस, म्हणू लागले.

पुस्तक शाळेत आले, विद्यापीठात आले, सरकारी नोकरीच्या परीक्षेत आले, वाहन चालवण्याच्या परवान्यालाही ते लागू लागले. अश्गाबातमध्ये त्याचे अवाढव्य शिल्प उभे राहिले, ज्याची पाने यंत्राने उघडत. २००५ च्या ऑगस्टमध्ये रशियन अग्निबाणातून एक प्रत अवकाशात पाठवली गेली. त्याच वर्षी राजधानीबाहेरची ग्रंथालये बंद करण्याचा हुकूम निघाला. खेड्यातली माणसे वाचत नाहीत, असे कारण देण्यात आले. दोन्ही गोष्टी एकाच वर्षातल्या आहेत हे आम्ही मुद्दाम नोंदवतो. एका पुस्तकाला आभाळात जागा मिळाली आणि बाकीच्या पुस्तकांची जमिनीवरची जागा गेली.

मुस्लिम वाचकाला याहून जिव्हारी लागणारी बाब वेगळी आहे. नियाझोव यांच्या किपचाक या गावी २००४ मध्ये तुर्कमेनबाशीच्या नावाची भव्य मशीद उघडली. तिचे मिनार ९१ मीटर उंच आहेत, कारण देश १९९१ मध्ये स्वतंत्र झाला. तिच्या भिंतींवर कुरआन शरीफच्या आयतींच्या सोबतीला ‘रुहनामा’तील वाक्ये कोरलेली आहेत. देशातल्या इतर मशिदींतही हे पुस्तक मानाने ठेवावे, असा आग्रह झाला. मार्च २००६ मध्ये अध्यक्षांनी जाहीर केले की, जो हे पुस्तक तीनदा वाचेल तो जन्नतमध्ये जाईल, अशी आपण अल्लाहकडे विनंती केली आहे. हे ऐकून जगभरच्या वर्तमानपत्रांनी हसण्यावारी नेले. आम्हाला हसू येत नाही. ज्या देशाची बहुसंख्य प्रजा कलमा वाचते, त्या देशात राज्यकर्ता स्वतःचे लेखन मिंबरपर्यंत नेतो, तेव्हा तो राजकीय विनोद राहत नाही, तो ईमानावरचा घाला असतो. आणि तो घाला घालणारा माणूस सोव्हिएत पक्षयंत्रणेत वाढलेला होता, कुठल्या मदरशातून आलेला नव्हता, हेही ध्यानात ठेवले पाहिजे.

हालोनेन यांच्या चित्रपटाची खरी सुरुवात इथून पुढे होते. ‘रुहनामा’ची भाषांतरे चाळीसहून अधिक भाषांत झाली. कुठल्याही लेखकाला हेवा वाटावा असा हा आकडा. ही भाषांतरे कोणी केली? एखाद्या भाषेच्या वाचकांनी मागणी केली म्हणून ती झाली काय? एखाद्या प्रकाशकाला पुस्तक आवडले काय? हालोनेन आणि त्यांचे सहलेखक, फिनलंडमध्ये राहणारे अमेरिकन लेखक केविन फ्रेझर, या साध्या प्रश्नाच्या मागे लागतात. आणि त्यांना आढळते की, अनेक भाषांतरांचा खर्च बड्या परदेशी कंपन्यांनी उचललेला आहे. यंत्रे विकणाऱ्या, मोटारी विकणाऱ्या, इमारती बांधणाऱ्या, विजेचे साहित्य पुरवणाऱ्या कंपन्या. त्यांत खुद्द फिनलंडचीही एक कंपनी आहे, म्हणजे दिग्दर्शकाच्या स्वतःच्या मातृभाषेतले भाषांतरही याच वाटेने आलेले आहे. अध्यक्षांच्या पुस्तकाचे आपल्या भाषेत भाषांतर करून ते थाटात त्यांच्या हाती ठेवायचे आणि कंत्राटाची वाट सोपी करून घ्यायची, असा हा मामला. लाच द्यायची तर पाकीट द्यावे लागते, ते उघडकीला आले तर अडचण. पुस्तक दिले तर तो सांस्कृतिक सहकार्याचा सोहळा होतो, फोटोही निघतो.

मग चित्रपटाचा मोठा भाग हे दोघे कंपन्यांच्या मागावर घालवतात. पत्रे लिहितात, फोन करतात, दारात जाऊन उभे राहतात. उत्तरे तीच: साहेब बैठकीत आहेत, हा विभाग आमचा नाही, आम्ही नंतर कळवतो. ही टोलवाटोलवी पाहताना प्रेक्षकाला हसू येते आणि ते येऊ द्यावे अशीच दिग्दर्शकाची इच्छा आहे. पण हसता हसता एक गोष्ट मनात उतरत जाते. गुप्तता ही अश्गाबातची मक्तेदारी नाही. ज्या शहरांत वर्तमानपत्रे मोकळी आहेत, न्यायालये चालतात, निवडणुका होतात, त्या शहरांतल्या काचेच्या इमारतीही याच विषयापुरत्या अश्गाबातइतक्याच बंद होतात. हालोनेन यांनी बंद देशावर चित्रपट काढला आणि त्यात बंद दारे मोकळ्या देशांतली दाखवली, हे या कृतीचे खरे यश आहे.

हे नुसते चित्रपटवाल्याचे कुभांड नव्हते, हे पुढे सिद्ध झाले. २०१० मध्ये अमेरिकेत डायम्लर या मोटारकंपनीवरचे लाचलुचपतीचे प्रकरण सुमारे १८.५ कोटी डॉलर भरून मिटले. आरोप निदान २२ देशांतल्या व्यवहारांचे होते. तुर्कमेनिस्तानविषयीच्या भागात, पदाधिकाऱ्याचे नाव न घेता, त्याला वाढदिवसाला दिलेल्या चिलखती मोटारीचा उल्लेख आहे आणि त्याच्या जाहीरनामावजा पुस्तकाच्या जर्मन भाषांतराच्या १०,००० प्रतींचाही. एखाद्या ग्रंथाचे भाषांतर न्यायालयाच्या कागदपत्रांत लाच म्हणून नोंदले जावे, असा प्रसंग वाङ्मयाच्या इतिहासात विरळाच. त्या मशिदीचे बांधकामही एका फ्रेंच कंपनीचे, बुईगचे. मशिदीच्या भिंतीवर काय कोरायचे हे तिथल्या राज्यकर्त्याने ठरवले असेल, पण कोरून देणाऱ्याने बिल लावले होते.

इथे आमच्यासारख्या, भाषांतरावर जगणाऱ्या समाजाने थोडे थांबले पाहिजे. आपण मराठी मुसलमान धर्माचे बरेचसे ज्ञान भाषांतरातून घेतो. अरबी मुळाक्षरे वाचता येतात, अर्थ मराठीतून किंवा उर्दूतून कळतो. कुरआनचा अर्थ मराठीत आणणाऱ्यांनी एकेका शब्दासाठी किती रात्री काढल्या असतील याची आपल्याला कल्पना आहे. अनुवादक हा आपल्या दृष्टीने अमानतदार असतो. दुसऱ्याची ठेव त्याच्या हाती असते आणि ती त्याने आपल्या लोकांपर्यंत सुखरूप आणायची असते. ‘रुहनामा’च्या या भाषांतरांत अमानत कोणाची होती? मूळ भाषेतल्या वाचकाला ते पुस्तक नाकारण्याची सोय नव्हती. परभाषेतल्या वाचकाला ते हवे नव्हते. म्हणजे दोन्ही टोकांना वाचकच नाही. मधल्यामध्ये एक ग्रंथ एका माणसाकडून निघतो, चाळीस भाषांतून फिरतो आणि परत त्याच माणसाच्या टेबलावर येऊन पडतो. भाषांतराची ही कदाचित सर्वांत शुद्ध फसवणूक आहे, कारण तिच्यात शब्दांचा अर्थ चुकवण्याचीसुद्धा गरज पडली नाही.

यावर कोणी म्हणेल, राजाच्या पुस्तकाचे दरबारासाठी भाषांतर ही काय नवी गोष्ट आहे? खरे आहे. आणि त्याचे उत्तम उदाहरण तुर्कमेन वंशाच्याच एका थोर माणसाने घालून दिलेले आहे. बैरामखानाचा मुलगा अब्दुर्रहीम खानखानान, आपण ज्याला दोहे लिहिणारा रहीम म्हणून ओळखतो, त्याने अकबराच्या सांगण्यावरून १५८९ मध्ये बाबरनामा चगताई तुर्कीतून फारसीत आणला. हाच रहीम पुढे मोगल सेनापती म्हणून दख्खनमध्ये आला, अहमदनगरला चांदबीबीच्या विरोधात वेढ्यात होता आणि बऱ्हाणपूरला त्याचा दरबार भरत असे. त्यामुळे तो आपल्याला परका नाही. त्याने भाषांतरित केलेले पुस्तकही राजाचेच, हुकूमही राजाचाच. मग फरक कुठे पडला? बाबर आपल्या पुस्तकात आपले पराभव सांगतो, आपले व्यसन सांगतो, आपल्या चुका सांगतो. ते पुस्तक वाचले नाही म्हणून कोणाची नोकरी गेली नाही. त्याने कुणाला जन्नतचे वचन दिले नाही. आणि चारशे वर्षांनंतर बाबरला न मानणाराही बाबरनामा वाचतो. राजाश्रयाने पुस्तक बाटत नाही, सक्तीने बाटते.

बैरामखानाचे नाव आम्ही उगाच काढलेले नाही. तुर्कमेन लेखक रहीम एसेनोव यांनी याच बैरामखानावर कादंबरी लिहिली. १९९७ मध्ये नियाझोव यांनी तिच्यावर जाहीर टीका केली. तक्रार अशी की, लेखकाने बैरामखानाला शिया दाखवले, सुन्नी दाखवले नाही. इतिहास एसेनोव यांच्या बाजूने होता. अध्यक्षांनी दुरुस्त्या सुचवल्या, लेखकाने त्या केल्या नाहीत. देशात पुस्तक निघण्याची आशा उरली नाही, तेव्हा २००३ मध्ये ते मॉस्कोत छापले गेले. तिथून आलेल्या ८०० प्रती जप्त झाल्या आणि फेब्रुवारी २००४ मध्ये, वयाच्या सत्तरीनंतर, हृदयविकार असलेल्या या म्हाताऱ्या लेखकाला अटक झाली. सामाजिक व धार्मिक विद्वेष पसरवल्याचा आरोप ठेवला गेला. २००६ मध्ये अमेरिकेच्या ‘पेन’ या लेखकसंघटनेने त्यांना लेखनस्वातंत्र्याचा पुरस्कार दिला. आता हे दोन ग्रंथ शेजारी ठेवून पाहा. एक अवकाशात गेला आणि चाळीस भाषांत गेला. दुसऱ्याच्या ८०० प्रती स्वतःच्या देशाच्या सीमेवर अडल्या. एकाच्या भाषांतरासाठी कंपन्यांची रांग होती. दुसऱ्याला, ज्याचा नायक दिल्लीच्या गादीचा कारभारी होता आणि १५६१ मध्ये हजच्या वाटेवर गुजरातमध्ये पाटणला मारला गेला, आपल्या हिंदुस्थानातही फारसे कोणी विचारले नाही.

आमची हालोनेन यांच्याबद्दलची तक्रार इथेच सुरू होते. चित्रपटात देशाबाहेर राहणाऱ्या विरोधकांचे बोलणे आहे, सरकारी सोहळ्यांची चमकदार दृश्ये आहेत, पण भर आहे तो कंपन्यांवर. त्यामुळे तुर्कमेन माणूस पडद्यावर बहुतेक वेळा रांगेत उभा असलेला, टाळ्या वाजवणारा, नाचणारा असाच उरतो. हुकूमशहाच्या कॅमेऱ्याने त्याला जसे पाहिले तसेच पुष्कळदा आपणही पाहतो. यात दिग्दर्शकाची मजबुरी आम्ही समजू शकतो. आतल्या माणसाचा चेहरा दाखवणे म्हणजे त्याला तुरुंगात पाठवणे. पण चेहरा न दाखवताही माणसाचा विचार दाखवता येतो. एसेनोव यांच्यासारखा लेखक, मुफ्तींसारखा आलिम, यांच्या वाटेने गेले असते तर प्रेक्षकाला कळले असते की, त्या देशात नकार देणारेही होते.

मुफ्तींची गोष्ट तर आपल्या प्रत्येक मोहल्ल्यात सांगितली जावी अशी आहे. नसरुल्लाह इब्न इबादुल्लाह हे तुर्कमेनिस्तानचे मुख्य मुफ्ती. वंशाने उझबेक. कित्येक वर्षे ते सरकारी व्यवस्थेचाच भाग होते, हे लपवण्यात अर्थ नाही. पण ‘रुहनामा’ला मशिदीत कुरआनच्या बरोबरीने बसवण्याला त्यांची तयारी नव्हती, असे त्यांच्याविषयी सांगितले जाते. जानेवारी २००३ मध्ये त्यांना पदावरून काढले गेले. मार्च २००४ मध्ये त्यांना राजद्रोहाच्या आरोपाखाली २२ वर्षांची शिक्षा झाली. नियाझोव यांच्या मृत्यूनंतर, ऑगस्ट २००७ मध्ये, नव्या अध्यक्षांनी त्यांना माफी दिली. सरकारी मौलवी हा शब्द आपण सहज तुच्छतेने वापरतो. सरकारी मौलवीलाही एक रेघ असते आणि ती ओलांडायची वेळ आली की तो थांबू शकतो, याची ही साक्ष आहे. युरोपातल्या प्रेक्षकाला ही साक्ष मिळाली असती तर त्या काळात तिचे मोल मोठे होते. २००५ च्या डॅनिश व्यंगचित्रांच्या वादानंतर ‘पवित्र ग्रंथ’ हे शब्द युरोपात उच्चारले की लोकांच्या डोळ्यांसमोर एकच ग्रंथ येत असे. हालोनेन यांनी आपल्या चित्रपटाला हेच नाव दिले, पण त्या समजुतीला खतपाणी घातले नाही, याचे श्रेय त्यांना दिले पाहिजे. त्यांचा रोख इस्लामवर नाही, सत्तेवर आणि पैशावर आहे. मात्र त्या सत्तेचा पहिला मार इस्लाम मानणाऱ्यांवरच पडला, हे ठसवायचे राहून गेले.

आणि जी माणसे कॅमेऱ्याला मदत करतात त्यांचे काय होते, हा प्रश्न तर या सगळ्या प्रकारच्या चित्रपटांवर टांगलेला आहे. तुर्कमेनिस्तानात त्याचे उत्तर एका बाईच्या नावाने लिहिलेले आहे. ओगुलसपर मुरादोवा या ‘रेडिओ लिबर्टी’च्या तुर्कमेन सेवेसाठी वार्तांकन करत. जून २००६ मध्ये त्यांना आणि मानवी हक्कांचे काम करणाऱ्या अन्नाकुर्बान अमानक्लिचेव व सपरदुर्दी खाजियेव यांना अटक झाली. अमानक्लिचेव यांनी फ्रेंच दूरचित्रवाणीसाठी देशाच्या स्थितीवर माहितीपट करणाऱ्यांना मदत केली होती. ऑगस्टमध्ये शिक्षा झाल्या, मुरादोवांना सहा वर्षे, इतर दोघांना प्रत्येकी सात. सप्टेंबरमध्ये, म्हणजे अध्यक्षांनी ‘रुहनामा’चे नाव दिलेल्या त्याच महिन्यात, मुरादोवांचा मृतदेह घरच्यांच्या हवाली झाला. २०१८ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार समितीने त्यांच्या छळाला आणि मृत्यूला तुर्कमेनिस्तान जबाबदार असल्याचा निर्णय दिला. इतर दोघे २०१३ मध्ये सुटले. तो फ्रेंच माहितीपट हालोनेन यांचा नव्हे, हे स्पष्ट करायला हवे. पण हालोनेन यांनी कंपन्यांच्या दाराशी उभे राहण्याची जी वाट धरली, तिची नैतिक बाजू या घटनेमुळे उजळते. कंपनीच्या अधिकाऱ्याला अवघड प्रश्न विचारला तर फार तर त्याचा चेहरा पडतो. अश्गाबातमधल्या माणसाला विचारला तर त्याचा जीव जातो. प्रश्न कोणाला विचारायचा हे दिग्दर्शकाने ठरवायचे असते, आणि हालोनेन यांनी ते बरोबर ठरवले. वर केलेली तक्रार आम्ही मागे घेत नाही, पण या वजनासमोर तिचे वजन कमी भरते हेही मान्य करतो.

नियाझोव २१ डिसेंबर २००६ रोजी वारले. चित्रपट पुरा होईपर्यंत त्याचा खलनायक या जगात नव्हता. काहींना वाटले, विषय संपला. तो संपला नाही. त्यांच्यानंतर आलेले गुर्बांगुली बर्दीमुहमेदोव हे पेशाने दंतवैद्य आणि आधीचे आरोग्यमंत्री. त्यांनी २००८ मध्ये महिन्यांना जुनी नावे परत दिली. २०१० मध्ये सूर्याबरोबर फिरणारा नियाझोव यांचा सोनेरी पुतळा शहराच्या मध्यातून हलवला. शाळा-परीक्षांतून ‘रुहनामा’ हळूहळू बाजूला पडला. आणि २०१५ मध्ये बर्दीमुहमेदोव यांचा स्वतःचा घोड्यावर बसलेला सोनेरी पुतळा उभा राहिला. घोड्यांवर, चहावर, औषधी वनस्पतींवर त्यांची स्वतःची पुस्तके निघू लागली. २०१९ मध्ये ‘रिपोर्टर्स विदाउट बॉर्डर्स’ने केलेल्या १८० देशांच्या यादीत वृत्तपत्रस्वातंत्र्याच्या बाबतीत तुर्कमेनिस्तान अगदी तळाला, उत्तर कोरियाच्याही खाली होता. मार्च २०२२ मध्ये अध्यक्षपद त्यांचे चिरंजीव सर्दार यांच्याकडे आले. पुस्तक बदलले, लेखक बदलला, पण पुस्तक राज्यकर्त्याचेच असते ही रीत टिकली. हालोनेन यांचा चित्रपट एका विक्षिप्त माणसाचे चरित्र असता तर तो २००६ मध्येच शिळा झाला असता. तो व्यवहाराचा चित्रपट आहे म्हणून आजही ताजा आहे. व्यवहार चालू आहेत तोवर तो शिळा होणार नाही.

त्या व्यवहारात आपला हिंदुस्थानही अगदी बाहेर नाही. तुर्कमेनिस्तानचे वायूसाठे जगातल्या सर्वांत मोठ्यांपैकी आहेत. तो वायू अफगाणिस्तान-पाकिस्तानमार्गे भारतात आणणाऱ्या वाहिनीचा करार २०१० मध्ये अश्गाबातला झाला. डिसेंबर २०१५ मध्ये कामाच्या शुभारंभाला आपले तत्कालीन उपराष्ट्रपती हमीद अन्सारी मारी येथे उपस्थित होते. शेजाऱ्यांशी व्यापार करू नये, असे आमचे म्हणणे नाही. चूल पेटवायला वायू लागतो आणि वायू ज्याच्याकडे आहे त्याच्याशीच बोलावे लागते. पण चित्रपट पाहिल्यावर एक प्रश्न मनातून जात नाही. उद्या एखाद्या कंत्राटासाठी कोणी ‘रुहनामा’ मराठीत आणायचे ठरवले असते, तर अनुवादक मिळाला नसता काय? चांगले मानधन, गुळगुळीत कागद, अश्गाबातला प्रकाशन सोहळा, येण्याजाण्याचे तिकीट. आमचा अंदाज असा की, मिळाला असता. कदाचित एखादा मुसलमान नावाचाच शोधून काढला असता, म्हणजे पुस्तकातल्या अरबी-फारसी शब्दांना अडचण नको. आणि परत आल्यावर आपल्याच एखाद्या संमेलनात त्याचा शाल-श्रीफळाने सत्कारही झाला असता.

हा प्रश्न कडवट आहे, पण आपल्या साहित्याला तो विचारण्याची सवय हवी. मुस्लिम मराठी साहित्याची चळवळ उभी राहिली ती आपल्या माणसांचे दुःख आपल्या भाषेत, कोणाच्या परवानगीशिवाय सांगण्यासाठी. आपल्याकडे ‘रुहनामा’ची सक्ती नाही, पण छोट्या सक्त्या आहेत. जमातीतल्या वजनदार माणसाच्या गौरवग्रंथात लेख द्यावा लागतो, संस्थाचालकाच्या कवितासंग्रहाला प्रस्तावना लिहावी लागते, आणि ज्याने खरोखर काही लिहिले त्याच्या पुस्तकाला मात्र छापखान्याचे बिल भरायला पैसे नसतात. अशा वेळी एसेनोव यांच्या सीमेवर अडलेल्या ८०० प्रती आठवाव्यात. बैरामखान कोण होता हे त्यांनी इतिहासात जसे होते तसे लिहिले. तो शिया होता एवढे एक वाक्य बदलले असते तर कादंबरी छापून आली असती, कदाचित पुरस्कारही मिळाला असता. त्या म्हाताऱ्याने ते वाक्य बदलले नाही. ‘शॅडो ऑफ द होली बुक’ जरूर पाहावा, आणि तो पाहून झाल्यावर त्या न बदललेल्या वाक्याचा विचार करावा.